न वाजणारा नारळ

१

नारळ वाजला नाही, तिथून हे सगळं सुरू झालं.

डिसेंबरातली शनिवारची संध्याकाळ होती. मांडवीच्या धक्क्यापासून पाच मिनिटांवर एक बंद पडलेला बर्फाचा कारखाना आहे. तिथे प्लॅस्टिकच्या खुर्च्यांवर आम्ही पन्नाससाठ माणसं दाटीने बसलो होतो आणि समोर मृणाली उभी होती. एकोणतीस वर्षांची सडपातळ पोर, अंगात बापाचा निळा बॉयलर सूट. जहाजावरचे खलाशी घालतात तो, मानेपासून घोट्यापर्यंत एकसंध. बाह्या तीनतीनदा दुमडलेल्या. हातात मळक्या लाल फडक्यात बांधलेला नारळ.

मी नम्रता. पोस्टातून निवृत्त होऊन चार वर्षं झाली. कलेतलं मला ओ की ठो कळत नाही, पण कार्यक्रमाचा आयोजक माझा भाचा नितेश, त्यामुळे सुटका नव्हती. गुरुवारी त्याने ओढून नेलं म्हणून गेले, आणि शनिवारी माझी मीच गेले. कारण सांगायचं तर गुरुवारी रडू आलं होतं आणि ते का आलं ते मला नीट कळलं नव्हतं.

मृणालीचा बाप अनिल मालवाहू जहाजावर खलाशी होता. २००३ साली, ती सात वर्षांची असताना, एका पहाटे भर समुद्रात तो हजेरीला उभा राहिला नाही. जहाजावर कुठेच सापडला नाही. कंपनीचं एक पत्र आलं, त्याची पेटी आली, तो आला नाही. त्या पेटीतला सूट मृणाली दिवसभर पेंढा भरून कारखान्यात खाटेवर निजवून ठेवायची आणि डोक्याच्या जागी हा नारळ. पाच वाजता पेंढा काढून सूट स्वतः चढवायची, धक्क्यावर जायची, आणि तिथून बापासारखी चालत कारखान्यात यायची. मग एकेकाच्या कानाशी नारळ हलवायची. जुनापुराणा सुकलेला नारळ तो. आतला गोटा खडखडायचा. ती विचारायची, "आत कोण आहे? ओळखता?"

आणि माणसं उत्तर द्यायची! गुरुवारी एका म्हाताऱ्याने मुंबईला जाऊन न परतलेल्या भावाचं नाव घेतलं. एका बाईने कुणाचंच नाव घेतलं नाही, नुसती मान हलवली. रविवारी, शेवटच्या दिवशी, मृणाली हे सगळं मांडवीच्या समुद्रात सोडून देणार होती.

शनिवारी तिने पहिल्याच माणसाच्या कानाशी नारळ हलवला. खडखड नाही. आत पाणी डचमळलं.

तिने पुन्हा हलवला. तिचा चेहरा पांढरा पडला.

"हा माझा नारळ नाही," ती म्हणाली.

२

लोकांना तो खेळाचाच भाग वाटला. कुणीतरी टाळ्याही वाजवल्या. मृणाली आत जाऊन सिमेंटच्या कट्ट्यावर बसली ती उठेचना.

"आत्या, तू बघ ना काहीतरी," नितेश माझ्या मागे लागला. मी पोस्टात असताना हरवलेली पार्सलं शोधून काढायचे, याची घरात जरा जास्तच ख्याती आहे.

"पोलिसांत जा की."

"काय सांगू? नारळ चोरीला गेला म्हणून? त्यातही बदल्यात दुसरा मिळालाय."

ते खरंच होतं. शेजारीच तिचा महागडा कॅमेरा पडला होता, त्याला कुणी हात लावला नव्हता. नेला तो एक कुचकामी नारळ, आणि त्याच्या जागी ताजा, पाणीदार ठेवून गेला. असला दिलदार चोर मी तरी पाहिला नव्हता.

मृणालीचा संशय राखणदार काशीरामवर होता. तो तिच्याच वाडीचा, वेळणेश्वरच्या अलीकडचा. पूर्वी मासेमारीच्या होडीवर असायचा. "असली माणसाची आकृती दर्यात सोडू नको," असं त्याने तिला दोनदा बजावलं होतं. माझा संशय, खोटं कशाला बोलू, माझ्याच भाच्यावर होता. तासाभरात त्याच्या फोनवर 'वाजणारा नारळ गायब' अशी बातमी फिरायला लागली होती आणि उद्यासाठी तो जादा खुर्च्यांची चौकशी करत होता.

"नितेश, तुझे उद्योग नाहीत ना हे?"

"आत्या!" तो इतका दुखावला की मी विषय तिथेच सोडला. संशय मात्र तसाच ठेवला.

मी नारळ मागून घेतला. "फडकं कुणाचं?"

"माझंच. म्हणजे आईच्या घरून आलं तेच," मृणाली म्हणाली. "तिच्या देवाच्या खोलीत हा नारळ आढ्याला टांगलेला असायचा. मला लहानपणापासून आवडायचा. नेऊ का म्हणून विचारलं, तर म्हणाली, ने गो."

फडकं जुनं, नारळ नवा. म्हणजे चोराने फडकं सोडलं, नारळ बदलला आणि परत बांधून ठेवलं. मी गाठ पाहिली, एकच होती, आणि जरा थबकलेच. पार्सलच्या खिडकीवर मी बत्तीस वर्षं काढली. माणसं चेहऱ्याने लक्षात राहत नाहीत मला, गाठीने राहतात.

"मृणाली, आधी याला कशी गाठ होती?"

"आईची. एकावर एक तीन. दगडासारख्या घट्ट, मी कधी सोडल्याच नाहीत."

त्या तीन गाठी मला माहीत होत्या! त्या बांधणारी बाईही मला माहीत होती. हे मला गुरुवारीच कळायला हवं होतं.

"तुझी आई मालन का गं?" मी विचारलं.

३

मालन. गुहागरकडच्या एका पोस्टात मी सहा वर्षं होते, तेव्हाची. सुरुवातीला ती नवऱ्यासाठी सुके सोडे आणि लाडू पाठवायची, फडक्यात, तीन गाठी मारून. नियमाप्रमाणे उघडून पाहायला मला सुया लागायच्या. मग पार्सलं थांबली आणि ती नुसती यायला लागली. रोज. खिडकीपाशी उभी राहून तळहात पुढे करायची आणि विचारायची, "हाय काय?"

"आज नाही हो," मी म्हणायचे.

किती वेळा म्हटलं असेन, देव जाणे. त्या 'आज'ची मला अजून लाज वाटते. सरळ 'नाही' म्हणायचं धैर्य माझ्यात नव्हतं.

काशीराम बाहेर विडी ओढत बसला होता. तो भडकलेलाच होता. "मी कशाला नारळ नेऊ, बाई? माज्या परड्यात पाच माड हायत."

"दुपारी कोण कोण आलं होतं?"

"नितेश आलेला वायरीची पेटी घेऊन. मालनवयनी आलेली, पोरीला डबा घेऊन. आनि आमचा हरिश्चंद्र आलेला, पिशवी घेऊन. मी विडीचं बंडल आनाया गेलो तवा तोच बसलेला हितं."

"हरिश्चंद्र कोण?"

"अनिलचा दोस्त. जहाजावरचाच. चांगला मानूस, पन एक खोड हाय." काशीरामने आवाज खाली आणला. "शिमग्याला चाकरमानी मुंबयसून धावत येतात, तर ह्यो घरात दार लावून बसतो. बावीस वर्सं पालखीला खांदो दिलान नाय. पयलं पालखी नाचवावी ती ह्यानंच."

मला त्याचा तेव्हा काही अर्थ लागला नाही. मी आत खाटेपाशी गेले, तो मागोमाग आला. "इथे काही सांडलं होतं का?"

"तांदूळ होते चार दाने, उशाशी. लाल कसले तरी. उंदीर येतील म्हनून झाडून टाकले."

"कशाने झाडलेस?"

"झाडूनं. आनि कशानं?"

काशीराम चोर नव्हता, हे त्याने स्वतःच्या तोंडाने सिद्ध केलं होतं.

४

रविवारी सकाळी मी मृणालीच्या भाड्याच्या खोलीवर गेले. मालनने दार उघडलं. केस पांढरे झालेले, गळ्यात मंगळसूत्र तेच. तिने मला लगेच ओळखलं.

"पोष्टाच्या बाई," ती म्हणाली आणि हसली. मला हसता आलं नाही.

मृणाली आंघोळीला गेली होती. मी आडपडदा न ठेवता विचारलं, "मालनबाई, तो नारळ नवसाचा होता ना?"

तिने आत एकदा पाहिलं. "पोरीला सांगू नका."

"चोराने तो उचलण्याआधी अक्षता वाहिल्या. देवाची वस्तू जागची हलवताना वाहतात तशा. नुसता नारळ असता तर कशाला वाहील?"

मालन खाली बसली. "पेटी आली त्या आठवड्यात हेदवीच्या गणपतीला बोलले. तो आला की नारळ फोडीन म्हनून. टांगून ठेवला. सुकला, मंग वारा आला की खडखडायला लागला. रातची जाग यायची. मना वाटायचा दार वाजतंय. उठायची, उघडायची. बावीस वर्सं दार उघडलंय, बाई."

बाहेर कुणीतरी स्कूटर सुरू करत होतं, ती सुरू होत नव्हती.

"मग नारळ मृणालीला का दिलात?"

"फोडायचा मना जमेना, आनि ठेवायचाही जमेना. ती म्हनाली दर्यात सोडनार. म्हटलं, तिच्या हातून सुटूं दे. नवसाचा सांगितला असता तर तिनं नेला नसता."

"हे आणखी कुणाला ठाऊक होतं?"

"कोनाला नाय. देवळात आमी दोघांच होतो. नवस माझा, पन देवाला गाऱ्हानां भावजींनी घातलान."

"कोण भावजी?"

"हरिश्चंद्र," मालन म्हणाली, आणि तेव्हाच आतल्या दारात उभी राहून मृणाली सगळं ऐकत असल्याचं आम्हा दोघींना दिसलं.

"मी नवसाचा नारळ लोकांच्या कानाशी वाजवत होते?" ती ओरडलीच. "आई, तू मला हे करू दिलंस?"

"लोकांनी तुझ्या बापसाचा आवाज आयकलान," मालन शांतपणे म्हणाली. "वायट काय झाला त्यात?"

५

हरिश्चंद्रच्या वाडीला जायला जयगडच्या फेरीबोटीवर गाडी चढवल्यावर नितेशने तोंड उघडलं. संशय घेतल्याचा राग अजून गेला नव्हता, पण उत्सुकता त्याहून मोठी.

"आत्या, हरिश्चंद्रच कशावरून?"

"अरे, ज्याला नारळ नकोसा झाला असता त्याने तो नुसता फेकला असता. याने दुसरा ठेवला, फडकं तेच वापरलं. कुणाला कळू नये, पोरीचा कार्यक्रम मोडू नये, ही काळजी घेतली. तुला बातमी हवी असती तर तू आकृती बिनडोक्याचीच सोडली असतीस."

"आणि काशीराम?"

"स्वतः वाहिलेल्या अक्षता कोण झाडूने झाडतं? त्याला त्या अक्षता आहेत हेच कळलं नाही."

"मग मालनकाकू. त्यांना तर नवस माहीतच होता."

"तिने तीन गाठी मारल्या असत्या. इथे एकच होती, होडी धक्क्याला बांधतात ती. कितीही ताण येऊ दे, आवळत नाही, आणि हवी तेव्हा सुटते. शिवाय बावीस वर्षांच्या तीन गाठी त्याने कापल्या नाहीत, एकेक करून सोडवल्या. दोरांवर आयुष्य काढलेला माणूस, आणि नवस ठाऊक असलेला. असा एकच आहे."

"पण का? ज्या बाईचा नवस, तिनेच नारळ देऊन टाकला. याचं काय अडलं होतं?"

ते मात्र मला ठाऊक नव्हतं. तवसाळला उतरून हेदवी मागे टाकेपर्यंत मी त्याच विचारात होते. मग पालखी आठवली. बावीस वर्षं, म्हणजे अनिल गेला तेव्हापासूनच.

हरिश्चंद्रचं घर चिऱ्याचं, अंगण सारवलेलं. तो पडवीत बसला होता, साठीचा, खांद्याने अजून रुंद. मी कोण ते सांगितलं. तो उठला, देवापुढचा नारळ आणला आणि माझ्यासमोर ठेवला. खडखड वाजला.

"न्या," तो म्हणाला. "मना ठेवायचो अधिकार नाय."

"हरिश्चंद्रभाऊ, २००३ च्या शिमग्यात जहाजावर कुणी जायचं होतं?"

नितेश उठून अंगणात गेला.

"मी," हरिश्चंद्र म्हणाला. "शिमग्याच्या चार दिस आधी एजंटचा बोलावना आला. वरसभर दर्यावर काढलेला मी. म्हटलं, एक पालखी नाचवून जाऊ. पाय मुरगळलाय म्हनून सांगितला. फडका बांधला पायाला. अनिल बघाया आला. तो मे महिन्यात जानार होता. म्हनाला, तू बस, तुझ्या जागी मी जातंय. मी बस म्हनालो नाय, जा म्हनालो नाय. पाय धरून बसलो नुसता."

"आणि पालखी?"

"नाचवली! वाडीत कोन काय बोलनार? पाय बरा झाला म्हनालो. माज्या खांद्यावर पालखी होती, तवा तो जहाजावर चढत होता." त्याने नारळावर हात ठेवला. "ह्यो फुटला नाय तवर तो मेला नाय. दर्यात गेला की मेला. आनि तो मेला, तर मारला मी. मी काय करू, बाई?"

तो नारळ कुणाचा, एवढं मला ठाऊक होतं.

"माझ्याबरोबर चला," मी म्हटलं. "हे मला सांगून उपयोग नाही."

६

मांडवीला पोचलो तेव्हा पाच वाजत आले होते. धक्क्यावर शेदोनशे माणसं जमली होती. मालन कठड्यापाशी उभी होती. मृणाली सूट चढवून पार टोकाला गेली होती, तिथून चालत यायला.

हरिश्चंद्रने नारळ मालनसमोर धरला आणि सांगून टाकलं. एजंट, फडकं, पालखी, सगळं. लोक बाजूला सरकले. मी सरकले नाही. मी ऐकायला बांधील होते असं मला वाटलं.

मालनने ऐकून घेतलं. मग म्हणाली, "मना ठाऊक होता."

"काय?"

"भावजी, शिमग्याला मी दारात ओवाळायला उभी नव्हते काय? सारी वाडी बघत होती तुमच्याकडे. मुरगळलेल्या पायान असा कोन नाचतो?"

हरिश्चंद्रने पुढे धरलेला नारळ खाली घेतला. "मंग... बोललीस नाय ती?"

"बोलून तो येनार होता?" मालन म्हणाली. "पयलं लय राग होता. मंग म्हटलं, ह्या दुनियेत त्याची वाट बघनारी दोनच माणसां. त्यातलं एक कशाला तोडू?"

तेवढ्यात लोकांची कुजबूज थांबली. धक्क्याच्या टोकाकडून मृणाली येत होती. सूर्य तिच्या मागे होता, त्यामुळे चेहरा दिसत नव्हता. निळा सूट, खांदे जरा पुढे काढून टाकलेली पावलं. ती चाल तिने कुठून शिकली होती कोण जाणे, सात वर्षांच्या पोरीला बापाचं काय काय लक्षात राहत असेल!

मालन बघत राहिली. तिने डोळे पुसले नाहीत, मिटलेही नाहीत.

"आला," ती म्हणाली. "फोडा, भावजी."

"वयनी, ती मृणाली हाय."

"मी आंधळी हाय काय?" मालन म्हणाली. "बावीस वर्सांत धक्क्यावरून कोन आला ह्या कापडात? ही आली. जेवढा यायचा होता तेवढा आला. आता माज्याच्यान दार उघडवत नाय. फोडा."

हरिश्चंद्रने नारळ कपाळाला लावला. ओठ हलले, गाऱ्हाणं कुणालाच ऐकू आलं नाही. मग त्याने धक्क्याच्या दगडावर तो आपटला. पहिल्या घावात फुटला. आत काळपट, आक्रसलेला गोटा होता, मुठीएवढाही नाही. खवट वास आला.

मृणाली जवळ येऊन थांबली. आज तिने काहीच विचारलं नाही. हरिश्चंद्रने तो गोटा तिच्या हातावर ठेवला आणि तिने खाली वाकून पाण्यात सोडला. सूट सोडायचा तेवढा तिने सोडला नाही. "हा मी घालीन," एवढंच म्हणाली.

प्रसादाला तो नारळ चालण्यासारखा नव्हता. हरिश्चंद्रने चोरून बदली ठेवलेला ताजा नारळ काशीराम कारखान्यातून घेऊन आला, फोडला, आणि खोबऱ्याच्या कातळ्या करायला सुरी माझ्या हातात दिली. माणसं रांगेने येत होती. मी खाली मान घालून तुकडे वाटत होते, खिडकीवर बसल्यासारखी.

एक तळहात पुढे आला आणि तसाच राहिला. मी वर पाहिलं.

"हाय काय?" मालनने विचारलं.

मी खोबऱ्याचा तुकडा तिच्या हातावर ठेवला.

"आहे," मी म्हणाले.